विड्याचं मढं

उदेभान राजाला लढाई करायची होती, आणि सभा काही विडा देईना!

त्या राज्यात रीतच तशी. राजा कितीही मोठा असो, आधी गावोगावच्या कारभाऱ्यांची सभा भरायची. सभेनं राजाच्या हातावर विडा ठेवायचा, राजानं तो खायचा, आणि मगच फौज हलायची. विडा नाही तर लढाई नाही. गप घरी बसा, मिशांना तूप लावा!

बरं, लढाईचं कारण काय? शेजारच्या राजानं जेवायला बोलावलं आणि उदेभानाच्या वाटीत बासुंदी तळाची वाढली. करपलेली!

"महाराज, करपलेल्या बासुंदीपायी माणसं मारायची?" सभेतले सगळ्यात म्हातारे धोंडजी पाटील म्हणाले. "सभा विडा देणार नाही."

राजा गालातल्या गालात हसला. "नका देऊ! माझ्या आजोबांना तुमच्या आजोबांनी दिला होता ना? 'राज्याच्या शत्रूवर चालून जा' म्हणून? तो परत घेतल्याचं कुणी ऐकलंय? नाही ना? मग तोच चालतो मला. उद्या दुपारी मी हत्तीवर बसणार आणि फौज निघणार!"

"अहो, तो डोंगरातल्या लुटारूंसाठी होता! लुटारू गेले, थोरले महाराज गेले. तो विडा कधीच मेला!"

"मेला? मग त्याचं मढं आणून दाखवा! उद्या दुपारच्या आत. मढं दिसलं तर फौज माघारी. नाही दिसलं तर ही सगळी सभा भाले घेऊन फौजेच्या पुढं!"

धोंडजींच्या तोंडचं पाणीच पळालं. विड्याचं मढं आणायचं कुठनं? चावून गिळलेला विडा तो!

कोपऱ्यात गुंजी पानांची टोपली घेऊन उभी होती. तांबोळ्याची पोर. सभेचा विडा बांधायचं काम तिच्याच घरात, आजीच्या वेळेपासून. तिच्या थोरल्या भावाला, शिदूला, सकाळीच शिपायांनी धरून नेऊन पहिल्या रांगेत उभं केलं होतं. आणि शिदू कसला? कोंबडी अंगावर आली तरी "आई गं!" करणारा! असला गडी लढाईवर गेला, तर परत कशाला येतोय?

गुंजीनं टोपली खाली ठेवली. "महाराज, मढं मी आणते."

"तू? आणि नाही आणलंस तर?"

"तर दादाच्या शेजारी मीबी भाला घेऊन उभी राहते. त्याला धीर द्यायला कुणीतरी पायजेच की!"

दुसऱ्या दिवशी दुपार झाली. फौज उभी, शिंगं वाजली, सभा मान खाली घालून बसलेली. राजा चिलखत चढवून घामानं निथळत बाहेर आला. बघतो तर काय, हत्तीच नाही!

"माझा हत्ती कुठाय रे?"

माहूत हात जोडून पुढं आला. "महाराज, गुंजी घेऊन गेली. परवानगी आहे म्हणाली."

"कुणाची?"

"थो... थोरल्या महाराजांची!"

तेवढ्यात बाजाराकडनं हत्ती डुलत डुलत आला. अंबारीत पानांच्या टोपल्या. दोन्ही सुळ्यांवर आईची लुगडी वाळत घातलेली. आणि वर गुंजी, आरामात ऊस सोलत!

"उतर खाली!" राजा ओरडला. "कुणाला विचारून नेलास?"

"विचारायचं कशाला? थोरले महाराज लुटारूंना हरवून आले, तेव्हा विडा बांधणाऱ्या माझ्या आजीला म्हणाले, 'पोरी, तुझ्या वरातीला माझा हत्ती ने.' साऱ्या गावाला ठाऊक आहे. परत घेतल्याचं कुणी ऐकलंय?"

"अगं, वरातीला दिला होता! लुगडी वाळवायला नाही!"

"मिरवणूकच की ती! लुगडी मिरवतायत."

राजा लालबुंद झाला. "तुझ्या आजीचं लग्न होऊन जमाना लोटला! आजी गेली, आजोबा गेले, वरात संपली! ज्या कामाला परवानगी दिली ते काम झालं की परवानगी मेली! एवढंही कळत नाही? मेली म्हणजे मेली!"

सभेत कुणीतरी फिसकन हसलं. गुंजी हत्तीवरनं सरसर खाली उतरली.

"महाराज, एक डाव परत म्हणा ना. धोंडजीआजोबांना जरा कमी ऐकू येतं."

"मेली म्हण..." राजाचं तोंड उघडं ते उघडंच राहिलं.

"हे बघा मढं!" गुंजीनं टाळी वाजवली. "तुमच्याच तोंडातनं पडलं! तुमचा विडा आणि माझा हत्ती, दोन्ही त्या एकाच लढाईतले. एक मेलं म्हणता, तर दुसरं जितं कसं? आणि जितं असेल, तर हत्ती माझा. उद्या त्याच्यावर दळण न्यायचंय मला!"

तेवढ्यात हत्तीनं मान हलवली आणि ओलं लुगडं फटकन राजाच्या तोंडावर! लुगड्याखालनं आधी खुसखुस ऐकू आली, मग खदाखदा. चिलखत खुळखुळ वाजायला लागलं.

"फौज माघारी!"

शिदू भाला टाकून असा सुटला, की घोडेस्वारही मागं पडले.

राजानं डोळे पुसले. "पण गुंजे, माझी बासुंदी?"

"त्या शेजारच्या राजालाबी जेवायला बोलवा की! आणि वाटी भरून तळाची वाढा. वाढायला सभेचा विडा लागत नाही!"

आता तर धोंडजीसुद्धा पोट धरून हसले. राजानं हातातलं सोन्याचं कडं काढून गुंजीला दिलं, आणि वर म्हणाला, "तुझ्या वरातीलाही माझा हत्ती! पण नीट ऐक, हां! फक्त तुझ्याच लग्नाला, फक्त वरातीला, आणि दिवस मावळायच्या आत हत्ती माझ्या दारात परत!"

"चालेल महाराज," गुंजी म्हणाली. "लुगडी त्याच्या आतच वाळतात!"

राजा इतका हसला, इतका हसला, की चिलखताचा पट्टाच तुटला!