जोडनागाईचं तळं

हे समोर दिसतं ते हिवरदऱ्याचं तळं. पाळीवर बसा निवांत, दगड अजून तापलेला नाही. पाळ कशी पश्चिमेच्या टेकडीपासून सरळ सुतात येते, बघा. मध्यावर आली की मात्र कोपरासारखी वाकते, दोन माणसं उभी राहतील एवढी जागा पोटात घेते आणि पुन्हा सरळ होऊन पलीकडच्या डोंगराला भिडते. येणारा प्रत्येक पाहुणा विचारतो, गवंड्याची चूक झाली का हो? चूक नाही झाली. आमच्याकडे जुनी माणसं सांगत आली ते असं आहे.

फार मागं इथं तळं नव्हतं. एक ओढा होता, पावसाळ्यात चार घटका धावायचा आणि नंतर नुसते गोटे. हिवाळ्यात धनगरांचे वाडे या माळावर उतरायचे. त्यांत नागाई नावाची एक धनगरीण होती. नवरा नाही, मूल नाही. मेंढरं आणि ती. एकदा तिची एक मेंढी चुकली. शोधत शोधत ती या दरीत उतरली तेव्हा मेंढी एक कोरडा खडक चाटत उभी होती. नागाईनं खडकाला कान लावला. आत कुणीतरी झोपेत बोलावं तसा आवाज येत होता म्हणे. तिनं काठीच्या लोखंडी टोकानं फट मोकळी केली आणि बोटाएवढी धार बाहेर आली.

दुसऱ्या कुणी ती जागा आपल्या मेंढरांसाठी लपवून ठेवली असती. नागाई गावात गेली आणि पाणी दाखवायला माणसं घेऊन आली.

त्या वेळी गावचा कारभार एक बाई बघत होती. पाटील लढाईत पडले, पदरी एक तान्ही लेक, तरी पाटलीण डोक्यावर पदर घेऊन चावडीवर बसायची आणि न्याय करायची. ती स्वतः पाणी बघायला आली. ओंजळभर प्याली आणि धनगरणीला विचारलं, "नाव काय गं तुझं?"

"नागाई."

पाटलीण हसली. पाटील गेल्यापासून तिला हसताना कुणी पाहिलं नव्हतं. "माझंही नागाईच," ती म्हणाली. "आता तू कुठं जायचं नाहीस. नावबहीण आहेस माझी."

धनगरीण राहिली. पाटलिणीला ती अक्का म्हणू लागली. सकाळी दोघी झऱ्यावर भेटायच्या. कुणी लांबून "नागाई!" अशी हाक मारली की दोघी एकदम "ओ" म्हणायच्या आणि मग एकमेकींकडे बघून हसायच्या.

पुढं पाटलिणीच्या मनानं घेतलं की पाळ घालून ओढा अडवायचा, झऱ्याचं आणि पावसाचं पाणी एकत्र साठवायचं. गाव कामाला लागलं. पण पाळ टिकेना. दर पावसाळ्यात बरोबर मध्यावर खचायची आणि साठलेलं पाणी रात्रीतून निघून जायचं. असं होता होता एक साल पाऊसच आला नाही. झराही आटला. गुरं दावणीला बसली ती उठेनात. लोक बोचकी बांधू लागले.

तेव्हा गाव देवळात जमलं. भर दुपारची वेळ. म्हाताऱ्या गुरवाच्या अंगात आलं आणि तो त्याचा नव्हे अशा आवाजात बोलला, "मी पाणी आहे. मला नागाई द्या. मग मी थांबेन."

मग एकेक मान वळली ती मागं खांबापाशी बसलेल्या धनगरणीकडं. पाटलिणीकडं एकानंही पाहिलं नाही. पाटलीण ते सगळं बघत होती.

एक वडीलधारा म्हणाला, "देवानं नाव घेतलंय. बाई परमुलखाची, मागं रडणारं कुणी नाही. वाईट वाटतं, पण गाव जगंल."

धनगरीण उठली. "पाणी म्याच दावलं. त्याला राखाया म्याच जाते."

"थांब," पाटलीण म्हणाली. "नाव माझंही आहे."

गुरवाला पुन्हा विचारलं, कोणती नागाई? तो डोळे मिटून एवढंच म्हणत राहिला, "नागाई. नागाई."

धनगरीण चिडली. आयुष्यात पहिल्यांदा ती अक्काला ओरडून बोलली. "तुमच्या पदरी लेक हाय! गाव हाय! माजं काय हाय?"

"तुझी मी आहे," पाटलीण म्हणाली. "ज्या गावानं तुझ्याकडं असं पाहिलं, त्या गावाच्या चावडीवर उद्या मी कोणत्या तोंडानं बसू?"

दुसऱ्या दिवशी उजाडताना दोघी कोरड्या तळ्यात उतरल्या. पाळ जिथं खचायची तिथं हातात हात घेऊन उभ्या राहिल्या. त्यांना पाळीत चिणायला दोन्ही टोकांकडून गवंडी दगड रचत त्यांच्या दिशेनं येऊ लागले. गाव काठावर उभं होतं. दोघी आपसात बोलत होत्या. काय, ते कुणाला नीट ऐकू आलं नाही. काठावरची एक म्हातारी पुढं सांगायची, आपल्याला हे नाव कुणी आणि का ठेवलं, ते त्या एकमेकींना सांगत होत्या.

गवंडी अगदी जवळ आले आणि त्यांचे हात थांबले. दगड उचलवेना.

तेवढ्यात डोंगरावरून धुकं उतरलं. उन्हाळ्याचे दिवस, डोक्यावर सूर्य, आणि धुकं. दुधासारखं दाट. त्यातून मेंढरांच्या घंटा ऐकू येत होत्या म्हणे, आणि मेंढरं तर तिकडं गावात कोंडलेली होती. मग धुक्यामागून पाणी आलं. लोंढा नव्हे. सांजच्याला गाय घरी येते ना, तसं हळूहळू, वाट ओळखत आलं. दोघींच्या पावलांपर्यंत आलं, गुडघ्यापर्यंत आलं, कमरेला लागलं. आणि पाण्यानं हाक मारली, "नागाई!"

दोघी म्हणाल्या, "ओ."

पाणी गोंधळलं. एकीभोवती फिरलं, मग दुसरीभोवती. पुन्हा हाक आली, आणि पुन्हा दोघींची एकच ओ. काठावर गुरव उभा होता, त्याच्या तोंडून शब्द आले, आता अगदी मऊ, पोरानं बोलावं तसे: "एक मागितली, तर दोघी आल्या. आता हितनं कुठं जाऊ मी?"

आणि पाणी दोघींच्या मध्ये निजलं.

धुकं विरलं तेव्हा तळं भरलेलं होतं, आणि दोघी ओल्याचिंब, हातात हात घालून जिवंत उभ्या. गवंड्यांनी त्यांना तिथून हलू दिलं नाही. आधी त्यांच्या पाठीमागून दगड वळवून पाळ पुरी केली, मगच हात देऊन वर घेतलं. त्यानंतर पाळ कधी खचली नाही.

दोघी पुढं खूप जगल्या. पाटलीण आधी गेली. तिला उचलायची वेळ झाली तेव्हा तिच्या लेकीला राहवेना. आईला नावानं हाक मारू नये हे विसरून ती ओरडली, "नागाई! अगं नागाई!" आणि दारातून एक थकलेला आवाज आला, "ओ." धनगरीण काठी टेकत आत आली आणि तिनं त्या लेकीला कुशीत घेतलं.

तेव्हापासूनचा रिवाज आहे. आजही हिवरदऱ्यात माणूस गेला की उचलण्याआधी त्याच्या नावानं एकदा मोठ्यानं हाक मारतात, आणि त्याच नावाचं दुसरं कुणीतरी "ओ" देतं. म्हणून आमच्या गावात कुणाचंच नाव एकट्याचं ठेवत नाहीत. बारशाला नवं नाव आणायचं असलं तर दोन पाळण्यांची वाट बघतात.

माझं नाव सगुणा. माझ्या जोडीची सगुणा गेल्या थंडीत गेली. तिची ओ मी दिली. त्यानंतर गावात सगुणा मी एकटीच राहिले होते. गेल्या महिन्यात खालच्या आळीत मुलगी झाली, तिचं नाव सगुणा ठेवलंय. पाळण्यात पडून नुसती हुंकारते. तिला बोलता येईपर्यंत मला थांबायला हवं, नाही का?