येते की जाते

एक होता राजा. त्याने आपल्या धाकट्या भावाला राज्याबाहेर हाकललं. भाऊ उंबऱ्याशी थांबला आणि म्हणाला, "येतो, दादा." आपण सगळेच म्हणतो तसं. पण राजाने भलताच अर्थ लावला. येतो म्हणजे? फौज घेऊन? झालं, त्याने दवंडीच पिटली. निघताना 'येतो' म्हणेल तो नदीपार, आणि ऐकून गप्प बसेल तोही नदीपार. आता काय म्हणावं या राजाला.

त्या गावात सगुणा राहायची. शेजारी तिची जिवाभावाची मैत्रीण, भागू. भागू एकदा विरजण न्यायला आली आणि निघताना सवयीने म्हणाली, "येते गं." सगुणाने तिच्या तोंडावर हात ठेवला. मग भागू विस्तव न्यायला आली. पुन्हा आपलं "येते." सगुणा मोठ्याने खोकली. मग भागू मीठ मागायला आली. आणि बरं का, तेव्हा राजाचा शिपाई ओसरीवर पाणी पीत बसला होता. त्याला नीटसं ऐकू आलं नाही. भागू गेल्यावर त्याने विचारलं, "काय म्हणाली गं ती?"

सगुणाच्या मांडीवर तान्हं बाळ. 'जाते म्हणाली', एवढंच सांगायचं होतं. पण ते खोटं. खोटं बोलायचं नाही, असं तिला आईने शिकवलेलं. आणि आपल्यालाच नदीपार नेलं तर बाळाचं काय? तिच्या तोंडून निघून गेलं, "येते म्हणाली."

भागूला नेलं. वळणावर ती मागे वळून म्हणाली, "जाते गं, सगुणा."

मग सगुणाला घास गोड लागेना. मी खरं बोलले, तर चोरासारखं का वाटतंय? बाळासाठी बोलले, की मीच भ्याले? तिचं तिलाच कळेना.

मग काय झालं, राजा शिकारीला निघाला. म्हाताऱ्या आईच्या पाया पडला आणि बोलून गेला, "येतो, आई." प्रधान खाली बघायला लागला, शिपाई भिंतीकडे. आई म्हणाली, "तुझा भाऊही एवढंच म्हणाला होता रे." राजाने शिकार तिथेच सोडली. मग उलटी दवंडी फिरली, आणि नदीपारची सगळी माणसं घरी आली.

भागूही आली. सगुणा म्हणाली, "मी त्याला खरं तेच सांगितलं गं." भागू म्हणाली, "खरंच होतं ते. विरजण आहे का?" तिने वाटी घेतली, दाराशी गेली आणि थांबली. मग वळून म्हणाली, "येते."

रागाने म्हणाली की मायेने? ते सगुणाला कधीच कळलं नाही. पण दुसऱ्या दिवशी भागू वाटी परत द्यायला आली. रिकामी नाही, चिमूटभर साखर घालून. मग सगळे सुखाने राहिले.

चला, मिटा आता डोळे. आणि झोपायला 'जातो' नाही म्हणायचं. झोपून येतो, म्हणा.