गालातली गोळी

फार पूर्वी केतकनगरात अरिंदम राजा राज्य करीत असताना बोधिसत्त्वांनी वानराचा जन्म घेतला होता, आणि तोही राजवैद्य मृगांकाच्या पिंजऱ्यात.

वैद्य नवं औषध आधी वानरांना चारी. वानर जगला तर औषध चांगलं, मेला तर वाईट, अशी तिथली रीत. कितीतरी मेले. मग उरलेले शिकले. माकडाच्या गालात थैली असते, तुम्ही पाहिलीच असेल. गोळी तिथं दाबून धरायची, वैद्याची पाठ वळली की गवतात थुंकायची. वैद्याला वाटे, आपली औषधं आता फार सुधारली.

एकदा राजाचा लहान मुलगा तापानं फणफणला. वैद्यानं एक जहाल गोळी केली, मेणात घोळवून बोधिसत्त्वांना दिली आणि तिथंच बसून राहिला. काही वेळानं राजाही आला.

"पाहा महाराज, वानर ठणठणीत आहे. युवराजांना देऊ या."

चपला नावाची वानरी बोधिसत्त्वांच्या कानाशी कुजबुजली, "गप्प राहा, म्हाताऱ्या! माझी दोन पिल्लं गेली, तेव्हा कोण रडलं?"

"ते पोर आहे, बाई. पिंजरा त्यानं नाही बांधला," असं म्हणून बोधिसत्त्वांनी गोळी राजाच्या पायाशी थुंकली.

"लबाडा!" वैद्य ओरडला.

"लबाडी खरीच. पण भ्यालेला जीव दुसरं काय करणार?"

राजाचे डोळे भरून आले. "मग पारखायचं कुणावर, बाबा? माझं लेकरू जाईल रे."

"ज्याला नको म्हणता येतं, त्याला विचारा. आधी दार उघडा."

राजानं दार उघडलं. सगळे वानर भिंतीवरून पसार झाले. बोधिसत्त्वही गेले, चिंचेच्या शेंड्यापर्यंत. मग सावकाश खाली उतरले आणि वैद्यापुढं हात पसरला.

"आता द्या. आता नको म्हणू शकतो, म्हणून हो म्हणतो."

वैद्यानं राजाच्या पायाशी पडलेली गोळी उचलली. ती फोडली आणि आधी स्वतःच्याच जिभेला लावली. तोंड भाजलं, डोळे पांढरे झाले. शुद्धीवर आल्यावर त्यानं ती मातीत पुरली. मग साधा काढा केला, घोटघोट स्वतः पिऊन पाहत. चुलीला लाकडं पिंजऱ्याचीच होती. पोर हळूहळू उठलं.

ही कथा सांगून शास्ते, म्हणजे बुद्ध, म्हणाले, "भिक्षूंनो, आज जो भिक्षू आजाऱ्यांचं औषध आधी स्वतः चाखतो, तोच तेव्हाचा वैद्य. रागावलेली वानरी आज आपल्या संघातली सर्वांत शांत भिक्षुणी आहे. आणि झाडावरून परत उतरला तो वानर मीच." मोकळं झाल्यावरही करुणेपासून न ढळणं, यालाच अधिष्ठान म्हणतात.