निंबखेड्याची कुलूपबंद विहीर

शांतवन महाराजांचा मुक्काम त्या चैत्रात निंबखेड्यास होता. निंबखेडे हे नगरकडच्या माळावरचे गाव. दगड मुबलक, पाणी बेताचे, आणि माणसांची तोंडे मात्र बारमाही वाहणारी. महाराज ख्रिस्ताचे भक्त. खांद्याला वीणा, डोईला पांढरे पागोटे, पायांत जाड वहाणा, अशा वेषात ते गावोगाव पायी फिरून कीर्तन करीत. ख्रिस्ती मंडळीने त्यांना पाळकपदाची, म्हणजे धर्मगुरूची, दीक्षा दिली होती, पण 'पाळकसाहेब' म्हणून त्यांना कोणी हाक मारल्याचे ऐकिवात नाही. ख्रिस्ती काय, मराठे काय, मुसलमान काय, सगळ्यांच्या तोंडी आपले 'महाराज'च.

निंबखेड्यात चर्च होते, पण कायमचा पाळक नव्हता. तीन महिन्यांतून एकदा महाराज येत, तेव्हाच भाकर आणि मनुकांच्या रसाचा प्याला पुढे ठेवून प्रभुभोजन होई. त्या एका घासासाठी मंडळी तीन महिने वाट पाहत असे.

याच मंडळीत मार्थाबाई पगारे नावाच्या विधवा होत्या. ग्रामपंचायतीने त्यांना गावाचे पाणी सोडायच्या कामावर ठेवले होते. व्हॉल्व्ह फिरवायची कमरेएवढी लोखंडी चावी खांद्यावर टाकून त्या आळीआळीने हिंडत. आता निंबखेड्याचा बाजार भरे रविवारी. दहा वाड्यांची माणसे आणि जनावरे गावात उतरत, म्हणून त्या दिवशी पाणी नेमके उपासनेच्या वेळेला सोडावे लागे. चर्चच्या भिंतीपलीकडेच एक व्हॉल्व्ह होता. मार्थाबाई तिथे उभ्या राहून आतली गीते ऐकत आणि बाहेरूनच आपला सूर मिसळीत. वर्ष होत आले, त्यांच्या ओठाला प्रभुभोजनाचा घास लागला नव्हता.

मंडळीचे वडील, म्हणजे कारभार पाहणारे, होते शद्रख मास्तर ओहोळ. शाळेतून निवृत्त झालेले. चर्चची घंटा, हजेरीपुस्तक आणि चर्चच्या विहिरीची किल्ली ही तिन्ही त्यांच्याच ताब्यात. माणूस सचोटीचा, पण सचोटीचाही ताठा चढतो, आणि तो उतरायला फार जड जातो. जग पापाचे, त्याच्यापासून अंग राखून राहावे, हा त्यांचा बाणा. पोळ्याला बैल बघायला गेलेल्या पोरांना ते पुढच्या रविवारी भर उपासनेत उभे करीत. मार्थाबाईंवर तर त्यांचा विशेष लोभ!

"नाव मार्था आणि कामही मार्थेचंच," ते सगळ्यांदेखत म्हणत. "शास्त्रातली मार्था प्रभू घरी आले तरी चुलीपाशीच घुटमळली. आमची नळापाशी! हिला स्वर्गातही व्हॉल्व्हच फिरवायला देतील."

मंडळी हसे. मार्थाबाईही हसत, आणि घरी जाऊन डोळ्यांना पदर लावीत.

शनिवारी संध्याकाळी महाराज चर्चच्या ओट्यावर बसले असता मास्तरांनी विषय काढला. "महाराज, पंचांनी ठरवलं आहे. उद्या मार्थाबाई पहिल्या गीतापासून शेवटच्या आशीर्वादापर्यंत बसल्या नाहीत, तर त्यांचं नाव मंडळीतून कमी करायचं." पंच म्हणजे मास्तर आणि मास्तरांना हो म्हणणारे दोघे, हे महाराजांना ठाऊक होते. त्यांनी ओट्याखाली उभ्या असलेल्या मार्थाबाईंकडे पाहिले.

मार्थाबाई हात जोडून म्हणाल्या, "येते ना, महाराज. पंचायतीला इनवून उद्या पहाटंच पानी सोडून मोकळी व्हते. पन एकडाव तो घास मिळू द्या. आमचे मालक गेल्यापास्नं मला तेवढाच आधार हाय."

महाराज म्हणाले, "ये, माय. तुझी वाट पाहतो."

आता पुढे जाण्याआधी त्या विहिरीविषयी सांगितले पाहिजे. मास्तरांच्या आजोबांच्या काळी गावच्या विहिरीवर या मंडळीच्या वाडवडिलांना अस्पृश्य म्हणून पाय ठेवू देत नसत. घागर घेऊन लांब उभे राहायचे. कोणाला दया आली तर तो वरून पाणी ओतणार. तहान लागली तर ओंजळ धरून वाकायचे आणि वरून पडेल तेवढे प्यायचे. ख्रिस्ती झाल्यावर त्या पिढीने चर्चच्या आवारात स्वतःच्या हातांनी खडक फोडला आणि विहीर पाडली. पुढे गावात नळ आले, गावची जुनी विहीर बुजली, आणि चर्चची विहीरही ओस पडली. मास्तरांनी तिच्यावर सागवानी झाकण बसवून कुलूप ठोकले. पाणी काढायचे ते फक्त बाप्तिस्म्याला. जगाची घागर तिच्यात बुडता कामा नये! मला मास्तरांचा राग येतो, पण आजोबांची ओंजळ आठवली की तो धड येतही नाही.

रविवार उजाडला. मार्थाबाईंनी पहाटेच सगळ्या आळ्यांना पाणी सोडले, चावी घरी ठेवली, पेटीतले निळे लुगडे नेसल्या आणि घंटा व्हायच्या आधीच पहिल्या रांगेत येऊन बसल्या. काय तो त्यांचा चेहरा! महाराजांनी वीणा छेडली, गीते झाली, कीर्तन रंगले. महाराजांनी भाकरीवरचा पांढरा रुमाल काढला. मार्थाबाईंच्या आणि त्या भाकरीच्या मध्ये आता पाच हातांचे अंतर उरले होते.

तेवढ्यात दारात गलबला झाला. पाटलांच्या आई, ज्यांना सारे गाव मोठ्याई म्हणे, रिकामी घागर कमरेवर घेऊन उंबऱ्याबाहेर उभ्या होत्या. मागे बाजारातली माणसे होती.

"मार्थे, पोरी," मोठ्याईंनी हाक दिली, "मोटार जळली गं. टाकीत थेंब न्हाई. मिस्तरी नगरहून यायचा, त्याला सांज व्हनार. बाजारात दोघं घेरी येऊन पडली. ढोरं जिभा काढून बसल्यात. तूच बघ काय ते!"

मास्तर ताडकन उठले. "मार्थाबाई, जागेवरून हलू नका. ते जगाचं काम आहे, जग बघून घेईल. उठलात तर नाव गेलं!"

मार्थाबाईंनी भाकरीकडे पाहिले. मग दाराकडे पाहिले. त्यांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहू लागले, आणि तशाच त्या उठल्या. कोणाला काही विचारले नाही, महाराजांनासुद्धा.

महाराजांनी भाकरीवर पुन्हा रुमाल टाकला. ते म्हणाले, "मास्तर, प्रभू थांबतील. तहान थांबत नाही."

"आपण थांबा, महाराज, आपला अधिकार आहे. पण तिला यातला घास नाही. नाव गेलं ते गेलं."

सारी मंडळी आवारात आली. मार्थाबाई सरळ विहिरीपाशी जाऊन उभ्या राहिल्या. "मास्तर, किल्ली द्या."

"अजिबात नाही!" मास्तरांचा आवाज चढला. "पुढच्या रविवारी माझ्या नातवाचा बाप्तिस्मा आहे. तो काय चिखलात करायचा? आणि कोणासाठी उघडू? माझा आजा यांच्या विहिरीवर ओंजळ धरून वाकायचा. तेव्हा यांच्यातल्या एकाला तरी पाझर फुटला का?"

मोठ्याईंनी घागर खाली ठेवली. "खरं हाय, मास्तर," त्या हळूच म्हणाल्या. "माझाच सासरा काठी घेऊन पहाऱ्याला बसायचा. म्या डोळ्यांनी बघितलंय. आमचं तोंड न्हाई मागायचं." आणि त्या माघारी वळल्या.

मार्थाबाईंनी त्यांचा हात धरला. मास्तरांना त्या म्हणाल्या, "माझी आजीबी तिथंच उभी राहायची, मास्तर. ती सांगायची, तान लई वाईट, पन वाट बघायला लावनं त्याच्याहून वाईट. तिनं भोगलं ते आता म्या ह्यांना भोगायला लावू का?"

उत्तर नसले की माणूस टोमणा मारतो. महाराज हात पुढे करून उभे होते. मास्तरांनी किल्ली त्यांच्या तळहातावर आपटली. "उघडा, खुशाल उघडा! चैत्रात अठराव्या पायरीला जेमतेम दीड हात पाणी असतं. तासाभरात गाळ लागेल. मग सांगा म्हणावं तुमच्या मार्थाबाईंना, देवाला नळ सोडायला!"

कुलूप गंजले होते, दगडाने ठोकून काढावे लागले. झाकण बाजूला झाले मात्र, असा कुबट भपकारा आला की पुढची माणसे मागे सरली. पाण्यावर हिरवी साय धरली होती. दीड वर्षात गावात एकही बाप्तिस्मा झाला नव्हता, त्यामुळे कुलूपही उघडले गेले नव्हते. मास्तरांनीच नाकाला धोतराचा सोगा लावला.

महाराज आत वाकून पाहत म्हणाले, "मास्तर, या पाण्याला जगाचा विटाळ लागला नाही. कुलपाचा लागला."

मार्थाबाईंनी पदर खोचला, रहाटाला दोर चढवला आणि पोहरा सोडला. पहिला पोहरा नुसता शेवाळाचा. तो त्यांनी निंबाच्या बुंध्याशी ओतला. दुसराही तसाच. लोक एकमेकांकडे पाहू लागले. तेव्हा महाराज काठावर उभे राहिले, डोळे मिटले आणि म्हणाले, "प्रभो, आमच्या वाडवडिलांनी खडक फोडला आणि तू झरा दिलास. आम्ही तो झाकून ठेवला. चूक आमची आहे, तहान या लेकरांची आहे. आमच्या चुकीची शिक्षा यांना नको." एवढे म्हणून त्यांनी वीणा हाती घेतली आणि भजन सुरू केले.

पाचव्या पोहऱ्याला वास गेला. सातवा वर आला तो निवळशंख, आणि थंडगार!

मग काय विचारता! बाजार लोटला. मोठ्याई तरीही लांबच उभ्या होत्या. मार्थाबाईंनी जाऊन दोराचे टोक त्यांच्या हातात दिले. "हात लावा, मोठ्याई. हितं कुनी कुनाला वरून घालायचं न्हाई." पाटलांची आई आणि पंचायतीची पाणीवाली, दोघींनी मिळून पोहरा ओढला. बांगड्या विकणारी हसीनाबी आली, भाजीवाले आले, मेंढ्यांचा कळप आला, बैल आले.

मास्तर मात्र विहिरीच्या आतल्या पायऱ्या उतरून खाली गेले. जन्मभर गणित शिकवलेला माणूस. खिशात खडू असायचाच. जिथे पाणी टेकले होते तिथे अठराव्या पायरीच्या दगडावर त्यांनी रेघ मारली आणि सतराव्या पायरीवर ठाण मांडून बसले. आता गाळ लागतो, मग लागतो, आणि मग मी वर जाऊन काय ते बोलतो, अशा तयारीत. वर रहाट करकरत होता. पोहरा खाली येई, भरून वर जाई. बारा वाजले. पाणी रेघेलाच. मास्तरांना वाटले, रेघ मारताना आपलीच नजर चुकली. त्यांनी चष्मा पुसून शेजारी दुसरी रेघ मारली. ऊन कलले, मेंढ्या पिऊन गेल्या, बैल पिऊन गेले, चार कोसांवरच्या वाड्या घागरी भरून गेल्या. दुसऱ्या रेघेच्याही खाली पाणी एक बोटभर उतरले नाही!

कोणी म्हणेल, गाळ निघाला, झरा मोकळा झाला, त्यात नवल ते काय? म्हणू दे बापडे. पण ऐन चैत्रात, दीड हात पाण्यात, अख्खा बाजार आणि दहा वाड्या! हे गणित शद्रख मास्तरांना त्या पायरीवर बसून सुटले नाही, आणि शेवटी त्यांनी ते सोडवायचा नाद सोडला. त्यांच्या हातातला खडू कधी पाण्यात पडला ते त्यांचे त्यांनाही कळले नाही.

दिवस मावळायच्या सुमारास बाजार उठला. नगरचा मिस्त्रीही आला होता आणि टाकीची मोटार सुरू झाली होती. मार्थाबाई काठावर बसल्या होत्या. दोन्ही तळहात सोलवटले होते, निळे लुगडे चिखलाने माखले होते. मास्तर पायऱ्या चढून वर आले. ते सरळ चर्चमध्ये गेले, हजेरीपुस्तक घेऊन बाहेर आले आणि सगळ्यांसमोर मार्थाबाईंच्या नावापुढे त्यांनी लिहिले, 'हजर'. मग मागची पाने उलटली. जिथे जिथे रविवारी गैरहजेरीची खूण केली होती तिथे तिथे खोडून तेच लिहिले. पाने बरीच होती.

महाराजांनी भाकर आणि प्याला बाहेर आणवला. विहिरीच्या त्या सागवानी झाकणाखाली चार दगड लावून चौरंग केला आणि वर पांढरा रुमाल अंथरला. मोठ्याई आणि गावची चार माणसे निंबाखाली भरल्या घागरींपाशी बसून राहिली, प्रभुभोजन संपेपर्यंत उठली नाहीत. भाकरीचे ताट मास्तरांनी स्वतः उचलले आणि आधी मार्थाबाईंपुढे धरले. सोलवटलेल्या बोटांनी मार्थाबाईंनी तो घास घेतला, डोळे मिटले, आणि तो तोंडात कितीतरी वेळ तसाच ठेवला.

सकाळपासून मास्तरांच्या घशाखाली पाण्याचा थेंब गेला नव्हता. पाण्याच्या काठाशी बसून उपाशी तहानेले! ते मार्थाबाईंसमोर आले, कमरेत वाकले आणि दोन्ही हातांची ओंजळ तोंडाशी धरली. त्यांचा आजा धरायचा अगदी तशी.

"घाला, मार्थाबाई," ते म्हणाले. "माझी हीच जागा आहे."

मार्थाबाई गडबडून उठल्या. "अवो मास्तर, ओंजळ कशाला? आपलीच इहीर हाय. हा तांब्या घ्या."

भरलेला तांब्या त्यांनी मास्तरांच्या हातात दिला. त्या थंड पितळेचा स्पर्श झाला आणि मास्तरांना हुंदका आवरेना. ते पाणी प्यायले आणि महाराजांच्या पायांवर डोके ठेवायला वळले. महाराजांनी त्यांना खांद्याला धरून थांबवले. महाराज म्हणाले, "माझ्या नको. मी पोहरा ओढला नाही."

तेव्हा शद्रख मास्तर पुन्हा वळले आणि जिच्या नावावर त्यांनी वर्षभर मंडळीला हसवले होते, तिच्या चिखलाने भरलेल्या पावलांपाशी त्यांनी कपाळ टेकले. मार्थाबाई "नका, मास्तर, नका!" म्हणत राहिल्या. पुढच्या रविवारी मास्तरांच्या नातवाचा बाप्तिस्मा त्याच विहिरीच्या पाण्याने झाला, आणि त्या पाण्याचा पोहरा ओढायला मास्तरांनी मोठ्याईंना बोलावले होते. विहिरीवर झाकण पुन्हा बसले नाही. शांतवन महाराजांच्या प्रभूची कृपा त्या पाण्यासारखी तुम्हाआम्हा सर्वांच्या दारी उघडी राहो.