गडी जुना, राज्य नवे

सन दोन हजार नऊ, मार्गशीर्ष मास. हेमंत ऋतू नुकताच लागला होता. त्या दिवसांत, एकदा एका तंबोरे घडविणाऱ्या वृद्धाच्या दारी एक गायिका आपला जुना तंबोरा घेऊन आली, आणि त्या वृद्धाच्या शिष्याची परीक्षा सुरू झाली. ही परीक्षा आहे, हे मात्र शिष्याला कोणी सांगितले नव्हते. आयुष्यातील खऱ्या परीक्षांचे वेळापत्रक कोठे लागत नाही.

कृष्णाकाठच्या त्या गावात वृद्धाला सारे आप्पा म्हणत. शिष्याचे नाव श्रीरंग. वय तिशीला टेकलेले, बुद्धी चलाख, हात हलका. पण एक खोड मोठी होती. हाती घेतलेल्या कामाला पहिला डाग लागला की त्याचे मन त्यावरून उडत असे. पदविकेचा अभ्यासक्रम त्याने एका विषयात नापास होताच सोडला. औषधांच्या दुकानातील नोकरी मालक एकदा रागावला म्हणून सोडली. छायाचित्रणाच्या वर्गाचेही तेच झाले. दर वेळी तो आईला हसून सांगे, "मागचं सगळं पुसलं. नवा गडी, नवं राज्य!" आई बिचारी हसत नसे.

गायिकेचे नाव इंदुमतीबाई. त्यांची जीभ त्यांच्या सुराइतकीच धारदार होती. तंबोरा गवसणीतून काढता काढता त्या म्हणाल्या, "आप्पा, तारा बदला, भोपळ्याला रोगण द्या, काय हवं ते करा. घोडी मात्र हीच राहू द्या. माझ्या गुरुजींनी स्वतःच्या हातानं बसवलेली आहे. फक्त तिची जवारी नीट करायची. रथसप्तमीला संध्याकाळी माझं गाणं आहे. सकाळी न्यायला येईन." मग श्रीरंगकडे चष्म्यावरून पाहत त्यांनी विचारले, "हा कोण? नवीन का?"

"दोन वर्षं झाली त्याला," आप्पा म्हणाले.

"दोन वर्षं! आणि बोटं अजून इतकी स्वच्छ?"

तंबोऱ्याच्या तारा ज्या छोट्याशा शिंगाच्या पुलावरून जातात, त्याला घोडी म्हणतात. तिच्या पाठीचा उतार कानशीने इतका अलगद घासावा लागतो की तार तिला पुरती टेकूही नये आणि पुरती सुटूही नये. ते साधले, तर एका सुरातून अनेक सूर उमलतात. यालाच जवारी म्हणतात. उतार कमी राहिला, तर आवाज मुका होतो. नको तेथे घासला गेला, तर तार पत्र्यावर वाळू पडावी तशी भणभणते. आप्पांनी ते काम श्रीरंगच्या हाती दिले आणि स्वतः पलीकडच्या खोलीत दुसऱ्या एका भोपळ्याच्या रोगणाकडे वळले.

श्रीरंगने चांगली सुरुवात केली. पण शेवटी, आता पुरे असे वाटत असतानाच, त्याने कानस आणखी एकदा फिरवली. तार छेडून पाहिली, तर भणभण! त्याने घोडी काढून फडक्यात गुंडाळली, फळीच्या मागे सरकवली आणि शिंगाचा नवा तुकडा घेऊन तशीच दुसरी घोडी कोरावयास बसला. आप्पांना तो काही बोलला नाही.

त्याच्यापाशी खेळाचे एक छोटे यंत्र होते. ओंजळीत मावेल एवढे, पुस्तकासारखे मिटणारे. त्यात तळ्याकाठचे एक गाव होते आणि खेळणाऱ्याने तेथला होडीवाला व्हावयाचे. गावकऱ्यांना या काठावरून त्या काठावर न्यावे, त्यांचे मन राखावे, ऋतूंमागून ऋतू जावेत, असा तो संथ खेळ. त्यात एकच डाव जतन करता येई. नवा सुरू केला की जुना कायमचा पुसला जाई. श्रीरंगचा अंगठा त्या 'न्यू गेम'वर जितका पडे, तितका होडीच्या वल्ह्यावर पडत नसे.

दुसऱ्या दिवशी दुपारी तो मागच्या पायरीवर ते यंत्र उघडून बसला होता. आप्पा शेजारी येऊन टेकले.

"काय रे, चेहरा का उतरलाय?"

"काही नाही आप्पा. डाव बिघडला. नव्यानं सुरू करतो. नवा गडी, नवं राज्य."

"बिघडलं काय?"

"होडीतून नेताना एका म्हाताऱ्याची छत्री पाण्यात पडली. जतन केल्यावर लक्षात आलं. आता तो माझ्यावर नाराज राहणार."

"छत्रीपायी अख्खं गाव पुसतोस?"

"पुन्हा उभं राहतं की! पहिले दिवस मला तोंडपाठ आहेत."

आप्पा काही वेळ त्या चिमुकल्या तळ्याकडे पाहत राहिले. "तू मागे खोक्यावरचं वाचून सांगितलं होतंस, हिवाळ्यात हे तळं गोठतं. मग तेव्हा होडीवाला काय करतो?"

श्रीरंगने यंत्रावरची नजर वर केली. "ते... मला ठाऊक नाही. हिवाळ्यापर्यंत मी कधी पोचलोच नाही."

"खेळतोयस किती वर्षं?"

"दुकानातल्या पहिल्या पगारात घेतलं होतं."

"म्हणजे तू नुसता चैत्रातला होडीवाला," आप्पा म्हणाले.

श्रीरंगला हसू आले नाही. तो मान खाली घालून म्हणाला, "आप्पा, आणखी एक सांगायचं होतं. पुण्यात ध्वनिमुद्रणाचा वर्ग निघतोय. माघात सुरू होईल. मी नाव दिलंय. इथं माझा हात बसत नाही."

आप्पांनी हात पुढे केला. "दे इकडे. वल्हवायचं कसं ते दाखव."

श्रीरंगने दाखविले. होडीत एक कुंभारीण बसली. तिच्यासोबत मडक्यांची उतरंड होती. होडी तळ्याच्या मध्यावर आली. तेथे एक खडक पाण्याबाहेर डोके काढून होता, आणि आप्पांनी होडी नेमकी त्याच्या दिशेने वळविली.

"आप्पा, डावीकडे! अहो, डावीकडे!"

होडी आदळली. फळी फुटली, मडकी फुटली, कुंभारीण कमरेवर हात ठेवून उभी राहिली.

"असू दे, असू दे," श्रीरंग घाईने म्हणाला, "यंत्र नुसतं बंद करा. जतन केलं नाही, तर हे झालंच नाही असं होतं."

"असं का? आणि जतन करायचं बटण कुठलं?"

"हे डाव्या हाताचं, पण ते दाबायचं—"

आप्पांनी ते दाबले.

श्रीरंग उठून उभा राहिला. गुरूंसमोर आवाज चढवू नये, हे भान त्याला उरले नाही. "हे काय केलंत! मुद्दाम केलंत तुम्ही!"

"मुद्दाम केलं. बस खाली." आप्पांनी यंत्र मिटून त्याच्या हाती दिले. "लहानपणी लपंडाव खेळलास ना? राज्य कुणावर येतं?"

"जो पहिला सापडतो, त्याच्यावर," श्रीरंग घुश्शातच म्हणाला.

"आणि राज्य आलं की काय मिळतं त्याला? सिंहासन?"

"सिंहासन कसलं! भिंतीकडे तोंड करून उभं राहायचं आणि मग सगळ्यांना शोधत फिरायचं."

"मग? तू जे ऊठसूट म्हणतोस ना, नवा गडी नवं राज्य, त्यातलं राज्य हेच आहे बाबा. नवा गडी आला की भार त्यानं उचलायचा, अशी पोरांची रीत. तुझं असं होतं, की राज्य आलं रे आलं, तू डाव मोडून घरी जातोस. मग दुसऱ्या दारानं येतोस आणि म्हणतोस, मी नवा गडी. राज्य नवं असेल, पण गडी जुनाच आहे, आणि त्याच्यावरचं राज्य अजून उतरलेलं नाही. नव्यानं आरंभ करू नये असं मी म्हणत नाही. मीसुद्धा कितीतरी भोपळे फोडून टाकलेत. पण शिकून झाल्यावर टाकले, लाज वाटली म्हणून नव्हे."

श्रीरंग पायरीवर बसला.

"आता ती फळीमागची घोडी घेऊन ये. तिची भणभण मला काल भिंतीपलीकडून ऐकू आली."

"आप्पा, मी हुबेहूब तशीच नवी करतोय. बाईंना कळणारही नाही."

"त्यांना कळणार नाही, तर तू त्यांना त्यांच्या गुरुजींची वस्तू म्हणून तुझी वस्तू देणार. पुण्याला जायचं तर खुशाल जा, मी गाडीत बसवून देईन. पण रथसप्तमीपर्यंत त्या घोडीवर राज्य तुझं."

पौष महिना त्या एका घोडीत गेला. प्रथम श्रीरंगने ती आणखी बिघडविली. मग ती कोठे बिघडते हे त्याला कळू लागले. चूक झालेली जागा वारंवार पाहावी लागली, आणि पाहता पाहता तिची भीती ओसरली. उतार हळूहळू परत आला, पण घासून घासून घोडी ठेंगणी झाली होती. तिच्या पायाखाली शिसवीची पातळ पट्टी जोडावी, हे त्याचे त्यालाच सुचले. आप्पांनी पाहिले, मान डोलावली आणि तंबाखू मळीत बसले. शाबासकी अशी तेवढीच.

तेच यंत्रातील गावाचे. अनेक दिवस त्याने ते रागाने उघडले नाही. मग एका संध्याकाळी उघडले. होडीला वेगळ्याच रंगाची फळी ठोकावी लागली. गावकरी काठावर येत, ती जोडफळी पाहत आणि माघारी फिरत. अंगठा 'न्यू गेम'कडे जाई. श्रीरंग तो मागे घेई. छत्रीवाला म्हातारा तर त्याच्याकडे पाहून पाठच फिरवी. तरी दिवस पुढे सरकत राहिले. झाडांची पाने तांबूस झाली, मग गळली.

रथसप्तमी उजाडली. काकींनी, म्हणजे आप्पांच्या पत्नीने, अंगणात सूर्याची रांगोळी काढली होती आणि गोवऱ्यांवर मातीच्या बोळक्यात दूध ठेवले होते. इंदुमतीबाई आल्या तेव्हा दूध नेमके वर येत होते. श्रीरंग सवयीने धावला.

"अरे, हात लावू नकोस!" काकी ओरडल्या. "आज उतू जाऊ द्यायचं असतं. वर्षभर थेंब सांडू देत नाही मी. आजचा एक दिवस सूर्याला दिसेल असं सांडू द्यायचं."

दूध काठावरून ओघळले, निखारे चरचरले. इंदुमतीबाईंनी हात जोडले आणि आत येऊन तंबोरा मांडीवर घेतला. त्यांनी डोळे मिटून तारा छेडल्या. खोली भरून गेली. त्या थांबेनात आणि काही बोलेनातही. आप्पा खिडकीबाहेर पाहत होते. ते आपल्या वतीने बोलणार नाहीत, हे श्रीरंगला उमगले.

"बाई," तो म्हणाला, "घोडी तुमचीच आहे. पण माझ्या हातून ती जास्त घासली गेली होती. महिनाभर खपून सावरली आहे. खाली पट्टीचा जोड आहे."

"माहीत आहे," इंदुमतीबाई डोळे न उघडता म्हणाल्या. "षड्ज लागताक्षणी कळलं. पूर्वीचा आवाज नाही हा."

श्रीरंगने मान खाली घातली.

"पूर्वीचा नाही, पण खोटाही नाही." त्यांनी पुन्हा एकदा तार छेडली आणि ती विरेपर्यंत ऐकली. "माझा तरी गळा पूर्वीचा कुठं राहिलाय? शोभू आम्ही एकमेकींना. तू मुकाट्यानं दुसरी बसवून दिली असतीस ना, तर या दारात मी पुन्हा पाऊल टाकलं नसतं. आप्पा, पुढच्या वेळी हिची जवारी याच्याकडूनच करून घ्यायची. हिचं दुखणं याला ठाऊक आहे. आणि बोटं बघा, आता जरा माणसाची दिसताहेत."

त्या तंबोरा घेऊन गेल्यावर आप्पांनी सहज विचारावे तसे विचारले, "पुण्याची गाडी कितीला?"

श्रीरंग त्यांच्यासमोर येऊन बसला. तो म्हणाला, "आप्पा, तळं गोठल्यावर होडीवाला काय करतो, सांगू?"

"सांग की. केव्हाचा विचारतोय."

"होडी काठावर ओढून उलटी घालतो. तिच्या आडोशाला शेगडी पेटते आणि सगळं गाव शेकायला येतं. छत्रीवाला म्हातारासुद्धा येऊन बसला. आणि ती शेगडी कुंभारणीनं आणून दिली. काय म्हणाली ठाऊक आहे? 'तू माझी मडकी फोडलीस, म्हणून तर तुझं नाव माझ्या लक्षात राहिलं.'" तो पुढे म्हणाला, "हे वाक्य त्या खेळात पहिल्यापासून होतं आप्पा. मी कधी तिथवर गेलोच नव्हतो."

"आणि पुणं?"

"तिथं जाईल कोणी नवा गडी. माझ्यावर इथं राज्य आहे."

आप्पांनी त्याच्यापुढे रोगणाचे भांडे सरकविले. अंगणात काकी सांडलेले दूध पुसत नव्हत्या. ते उन्हात तसेच वाळत होते. तो दिवस शके एकोणीसशे एकतीस, माघ शुद्ध सप्तमी.