धनुष्यकाराचा मुलगा

फार पूर्वी सोमवती नगरात अरिंदम राजाचे राज्य असताना बोधिसत्त्वाने एका धनुष्यकाराच्या कुळात जन्म घेतला. त्याचे नाव चापक. सुबाहू हा त्याचा एकुलता एक मुलगा.

एकदा नगरात दवंडी पिटली गेली, की शेजारच्या राजाने सीमेवरचे कुशग्राम जाळले. चापकाने स्वतःच्या हाताने मुलाच्या खांद्याला धनुष्य अडकवले. "ही भूमी आपली आई आहे. जा," तो म्हणाला. सुबाहू गेला, तो परतला नाही. युद्ध जिंकले गेले. लोक समाचाराला येत तेव्हा चापक ताठ बसे आणि एवढेच म्हणे, "देशासाठी गेला."

मुलगा पडला ती जागा पाहावी म्हणून पुढे तो कुशग्रामला गेला. तिथे घरांवर जुनीच छपरे होती. जळाल्याची खूण कुठेही नव्हती.

त्याने मुलाचे नाव सांगितले तेव्हा एक म्हातारी म्हणाली, "आमचं गाव कुणी जाळलंच नाही, दादा. पलीकडचं हत्तींचं रान हवं होतं, म्हणून आपलीच फौज आधी सीमा ओलांडून गेली. शत्रू उलटून आला, तेव्हा आम्ही मधे सापडलो. तुमच्या मुलानं धनुष्य खाली ठेवलं आणि आमची लेकरं खांद्यावर घेऊन ओढ्यापार नेली. शेवटच्या खेपेला त्याला बाण लागला. दोन्हीकडून येत होते. कुणाचा, ते कसं सांगू?"

चापक तिथेच बसला आणि पोटभर रडला.

तो परतला तेव्हा नव्या स्वारीची तयारी चालली होती. राजाने त्याला सभेत बोलावून सोन्याची माळ पुढे केली. "वीरपित्या, तरुणांना चार शब्द सांग."

"महाराज, कुशग्राम जळालेले नाही," चापक म्हणाला. "मी डोळ्यांनी पाहून आलो."

"हा देशद्रोह आहे!" अमात्य ओरडला.

"देश माझाच आहे, अमात्य. म्हणून त्याच्याशी खोटे बोलवत नाही. माझ्या मुलाने गाव वाचवले. त्याचा मला अभिमान आहे, आणि त्या अभिमानावर दुसऱ्याचा मुलगा मी मरायला पाठवणार नाही."

सभेतले आणखी काही बाप उठून त्याच्याजवळ येऊन उभे राहिले. राजाने माळ खाली ठेवली. मग त्याने स्वारी रद्द केली आणि हत्तींचे रान परत दिले.

शास्त्याने, म्हणजे बुद्धाने, ही कथा रणात मुलगा गमावलेल्या एका गृहस्थाला सांगितली आणि म्हटले, "तो राजा म्हणजे आज संघातला भिक्खू सुदर्शन. चापक मी होतो. आणि सुबाहू, गृहस्था, तो तुझा मुलगा. एका जन्मी तो माझा होता. ज्याला आपली माती प्रिय आहे, त्याने तिच्या नावाने असत्य बोलू नये. हीच सत्यपारमिता, सत्याची परिपूर्णता."