कोतवालाचा साडेतीन हात

कोतवालीच्या शिपाईभरतीला दोनशे चाळीस अर्ज आले आणि त्यातले दोनशे एकोणतीस एका दिवसात फेटाळले गेले. कारण सगळ्यांवर एकच लिहिलेलं: उंची कमी. उरलेले अकरा पास झाले. ते अकराही कोतवाल भुजंगरावांचे भाचे-पुतणे निघाले, हा निव्वळ योगायोग, असं खुद्द भुजंगरावच गावभर सांगत होते.

राजाचं फर्मान साधं होतं. उमेदवार कोतवालाच्या हाताने साडेतीन हात भरला पाहिजे. हात म्हणजे कोपरापासून पुढचा. उमेदवाराला खांबाला टेकवून उभं करायचं, डोक्याशी खडूची रेघ मारायची आणि कोतवालाने खालून वर मोजत जायचं. आता भुजंगराव हाडापेराने चांगले दांडगे, त्यांच्या हाताला पुरणारी माणसं थोडीच. पण भाचे तर असे की हरभऱ्याच्या शेतात उभे राहिले तरी शोधावे लागावेत! ते मात्र मापात चोख बसले होते.

फेटाळलेल्यांत दादू विणकराची लेक बयजा होती. बाईमाणसाला घेऊ नये असं फर्मानात कुठेच नव्हतं, म्हणून तिलाही मापावरच बाद करावं लागलं होतं. भरती सात वर्षांतून एकदा व्हायची, वयाची अट पंचविशीची, आणि बयजाला चोविसावं सरत आलं होतं. कळायला लागल्यापासून तिला शिपाईच व्हायचं होतं. आता नाही तर कधीच नाही! तिने सगळ्यांच्या वतीने थेट दरबारात दाद मागितली.

राजा कीर्तिसेन तक्रारी ऐकून ऐकून वैतागला होता. त्यातून उंचीचा विषय त्याला मुळातच आवडत नसे. सिंहासनावर दोन लोड घेऊन बसायचा तो, आणि का, हे विचारायची कोणाची छाती नव्हती.

"फर्मानातलं अक्षर बदलणार नाही," राजा म्हणाला. "कोतवाल बदलणार नाही. मोजायला हातही त्याचाच राहील. एवढं सगळं तसंच ठेवून हे दोनशे एकोणतीस जण मापात बसवून दाखव. नाही जमलं, तर तुमच्यापैकी कोणाचाही अर्ज पुन्हा घेतला जाणार नाही."

दरबारी गालातल्या गालात हसले. बयजा म्हणाली, जमेल की. फक्त कोतवालसाहेबांनी एका माणसाचं माप इथे सगळ्यांसमोर घ्यावं.

"कोणाचं?"

"महाराजांचं. दसऱ्याला कोतवालीची पहिली काठी आपण हातात घेता. म्हणजे पहिले शिपाई आपणच."

दरबाऱ्यांच्या नजरा त्या दोन लोडांकडे गेल्या. पण पहिला शिपाई म्हटल्यावर राजा नाही कसं म्हणणार? तो उतरला, खांबाला टेकला, रेघ मारली गेली. भुजंगरावांची मात्र गाळण उडाली. राजा कमी भरला म्हणावं, तर नोकरी तर जाईलच, आणखी काय काय जाईल ते सांगता येत नव्हतं. त्यांनी खाली बसून मोजायला सुरुवात केली. सगळे राजाकडे पाहत होते, कोतवालाकडे लक्ष एकट्या बयजाचं.

"साडेतीन हात, महाराज! वर पाच बोटं जास्तच!"

टाळ्या झाल्या, राजा पुन्हा सिंहासनावर जाऊन बसला. मग बयजा त्याच खांबाला टेकून उभी राहिली आणि तिच्याही डोक्याशी रेघ मारायला लावली. ती राजाच्या रेघेच्या चांगली वीतभर वर आली.

"भरतीत मी दोन बोटं कमी भरले होते," ती म्हणाली.

राजाने दोन्ही रेघा पाहिल्या, मग कोतवालाला पाहिलं. भुजंगराव घाम पुसत म्हणाले, थंडीने हात आखडला असेल. चैत्र चालू होता.

"हात आखडला नाही महाराज, मूठ वळली होती," बयजा म्हणाली. "आमच्या बाजारात व्यापारी कापड घेताना बोटं ताणून हात मोजतो आणि विकताना मूठ वळून मोजतो. म्हणून आम्ही विणकर त्याच्या तोंडाकडे बघतच नाही, बोटांकडे बघतो. भरतीच्या रांगेत मी तेच बघत होते. आम्हाला मोजताना साहेबांची बोटं ताठ, भाच्यांना मोजताना मूठ. आपल्यालाही मूठच. तेव्हा फर्मान तेच राहू दे, कोतवाल तेच, हातही त्यांचाच. याच मुठीने आम्हाला मोजा, एकही बाद होणार नाही. आणि मूठ चालत नसेल, तर ताठ बोटांनी महाराजांना पुन्हा मोजावं लागेल."

राजा पुढे वाकला आणि हळूच म्हणाला, "ताठ बोटांनी मी किती भरेन गं?"

"लोकांच्या हाताने कशाला मोजायचं, महाराज? आपापल्या हाताने दुनियेतला प्रत्येक माणूस साडेतीन हातच भरतो."

राजा खो खो हसत सुटला. इतका, की एक लोड घरंगळत खाली गेला आणि तो परत मागवायचंही त्याला सुचलं नाही.

संध्याकाळपर्यंत दोनशे अठ्ठावीस जणांना मुठीने मोजून शिपाई करून घेतलं. भुजंगरावांना राज्याची सीमा मोजायच्या कामावर धाडलं, तेही हातानेच, बोटं ताठ ठेवून. त्यांच्या रिकाम्या जागेसाठी अर्ज मागवले नाहीत. ती राजाने बयजाला दिली.